क्रोटनचा रंग उडाला, पानं गळायलेत: माती बदला, जागा बदलू नका

पत्र: दादा नमस्कार. आम्ही परभणीत नवीन घर बांधलं, मागच्या जुलैमध्ये गाडीवरच्या नर्सरीवाल्याकडून चार क्रोटन घेतले. दोन कंपाउंडच्या भिंतीला जमिनीत लावले, दोन हॉलमध्ये कुंडीत. बाहेरच्यांची नवीन पानं पिवळी पडायलेत, शिरा तेवढ्या हिरव्या, कडा जळाल्यावानी, अन एकाच्या तर नुसत्या काड्या राहिल्यात. हॉलमधल्यांचा लाल-केशरी रंग गेला, हिरवेगार दिसायलेत अन पानं गळायलेत. मी दर रविवारी कुंड्या उन्हात नेते, अंड्याची टरफलं टाकते, चुलीची राख टाकते, शेजारच्या काकूंनी चुन्याची निवळी सांगितली तीपण टाकली. बहिणीकडं चिपळूणला हेच झाड काही न करता पुरुषभर उंच झालंय. आत्याबाई म्हणायलेत झाड विषारी आहे, घरात दीड वर्षाचं लेकरू आहे, अन इथं प्यायच्या पाण्याची मारामार तर असल्या झाडाला पाणी कशाला. ठेवू का काढून टाकू?

उत्तर: ताई नमस्कार. काढून टाकायच्या आधी एक काम करा, ज्याच्या नुसत्या काड्या राहिल्यात त्याच्या खोडावर नखानं बारीक ओरखडा काढून बघा. साल खरवडल्यावर आत हिरवं, ओलसर दिसलं तर झाड जिवंत आहे. वरच्या काडीला हिरवं नाही लागलं तर खाली खाली येत जा, बऱ्याचदा वरचा शेंडा वाळलेला असतो अन बुडाजवळ जीव असतो. क्रोटन सगळी पानं टाकून बसतं अन पाऊस पडल्यावर परत फुटतं, हे मी आपल्या भागात पुष्कळ घरी बघितलंय, त्यामुळं पानं गेली म्हणजे झाड गेलं असं धरून उपटू नका. आत तपकिरी अन कोरडं लागलं, अगदी जमिनीपर्यंत, तरच नाद सोडा.

आता चिपळूणचं सांगतो, कारण तुमच्या सगळ्या प्रश्नांचं उत्तर तिथंच आहे. बहिणीकडची माती जांभ्याची, आंबट गुणाची, पाणी खाली निघून जाणारी, वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या पुढं पाऊस, हवा बाराही महिने दमट. क्रोटन मूळचं इंडोनेशिया, मलेशियाच्या बेटांचं अन ऑस्ट्रेलियाच्या वरच्या अंगाचं झाड, त्याला कोकणात माहेरी आल्यासारखं वाटणारच. आपल्याकडं काय आहे तर काळी चिकणमाती, त्यात चुनखडी, सामू म्हणजे पीएच (मातीचा आंबट-खारेपणा मोजायचा आकडा, कमी तितकी आंबट) आठच्या आसपास किंवा त्याच्याही वर, बोअरचं जड पाणी, मे महिन्यात पारा ४२-४३ अन दुपारी हवेतला दमटपणा वीस-पंचवीस टक्क्यांवर येतो, अन परत डिसेंबर-जानेवारीत परभणीचा पारा एक आकडी होतो. या झाडाला सामू साडेचार ते साडेसहा लागतो, १५ ते ३० अंश तापमान लागतं अन दमट हवा लागते. म्हणजे बहिणीनं काही केलं नाही तरी चालतंय, तुम्हाला मात्र तीन-चार गोष्टी मुद्दाम कराव्या लागतील. त्या फार नाहीत, अन खर्चाच्याही नाहीत.

बाहेरच्या झाडांचं दुखणं लोहाचं आहे, मला पत्रावरूनच नव्वद टक्के खात्री आहे. क्रोटनच्या बाबतीत लोक इथं फसतात, कारण पान मुळातच रंगीत असतं, पिवळं दिसलं की वाटतं जातच अशी असंल. पण नीट बघा, जो पेट्रा नावाचा क्रोटन सगळीकडं मिळतो त्याचं निरोगी पान हिरवं असतं अन शिरा पिवळ्या, नंतर त्याच शिरा केशरी-लाल होतात. तुमच्याकडं उलटं झालंय, शिरा हिरव्या राहिल्यात अन मधलं पान पिवळं पडलंय, तेही नवीन पानात. ही लोहाच्या कमतरतेची खूण. सोयाबीन, ऊस, मोसंबीवाल्या कुठल्याही शेतकऱ्याला विचारा, चुनखडीच्या रानात हे त्यांनी बघितलेलं असतं. बरं, आपल्या मातीत लोह नाही असं नाही, भरपूर आहे, पण चुन्यामुळं अन जास्त सामूमुळं ते अडकून बसतं, मुळाला घेता येत नाही.

आता तुमच्याच लक्षात आलं असंल की चुन्याची निवळी, टरफलं अन राख यांनी काय झालं असंल. अंड्याचं टरफल म्हणजे चुनखडीच, राखही सामू वाढवते, अन चुना तर चुनाच आहे. काकूंनी चांगल्या मनानं सांगितलं, कोकणातल्या किंवा कोल्हापूरकडच्या आंबट मातीत चुना टाकतातही, पण आपल्या रानात तो आधीच जास्त आहे. हे तिन्ही आजपासून बंद करा, क्रोटनलाच काय, जास्वंद, मोगरा, गुलाबालाही टाकू नका. अन तुमच्या भिंतीजवळ आणखी एक भानगड असणार, नवीन बांधकाम म्हणजे कंपाउंडच्या बुडाशी सिमेंटचा गाळ, प्लास्टरचे तुकडे, चुरी पडलेली असतेच, गवंडी तिथंच माल कालवतात अन वरून माती ओढून देतात. भिंतीपासून दोन फुटात खोदून बघा, करड्या रंगाचे गठ्ठे निघतील.

माती तपासायचा घरगुती उपाय सांगतो. वाळलेली माती चमचाभर घ्या, त्यावर व्हिनेगरचे थेंब टाका. फस्स करून फेस आला तर चुना आहे. फेस जितका जोराचा तितका चुना जास्त. नीट आकडे पाहिजे असतील तर तुमच्या गावातच कृषी विद्यापीठ आहे, १९७२ पासून, तिथं माती अन पाणी दोन्ही तपासून मिळतं, अन नवीन घराची बाग करायचीच असंल तर एकदा तपासून घ्याच म्हणतो मी. पाण्याचं विशेष करून.

काही लोक सांगतील की जमिनीत गंधक टाका, सामू खाली येतो. गंधकाचं तत्त्व खरं आहे, मातीतले जिवाणू त्याचं हळूहळू आम्ल करतात, पण जिथं व्हिनेगर टाकल्यावर फेस येतो तिथं ते आम्ल आधी चुना खाण्यातच संपतं, सामू हलतच नाही. मराठवाड्याची जमीन बदलायच्या मागं लागू नका. झाडापुरती माती वेगळी करा, एवढंच आपल्या हातात आहे अन ते पुरेसं आहे. म्हणून माझा सल्ला असा की बाहेरचे दोन्ही जमिनीतून काढून मोठ्या कुंडीत घ्या, किंवा जमिनीवर विटांचा दीड फूट उंच वाफा बांधून त्यात वेगळी माती भरा, आतून सिमेंटचा गिलावा न करता नुसत्या विटा रचल्या तरी चालतं.

पण आत्ता नाही. रोहिणी नक्षत्र, म्हणजे मेअखेरचं कडक ऊन, चालू आहे, आत्ता मुळं हलवली तर झाड दोन दिवसांत जाईल. मिरगाचा पाऊस पडून हवा निवली, ढग धरले, की एखाद्या संध्याकाळी काढा. तोवर झाडावर हिरवी जाळी, ५० टक्केवाली, काठ्या रोवून बांधा किंवा जुनी सुती साडी बांधली तरी चालेल, बुडाशी वाळलेल्या पानांचं, उसाच्या पाचटाचं चार बोटं आच्छादन करा (खोडाला चिकटवू नका, चार बोटं लांब ठेवा), अन पाणी सकाळी द्या. बाहेरच्या क्रोटनला आपल्याकडं सकाळी दहा-साडेदहापर्यंतचं ऊन बास होतं, पुढं सावली पाहिजे. पश्चिमेच्या भिंतीला लावलं तर दुपारचं ऊन एक अन भिंतीची धग वेगळी, रात्री नऊपर्यंत भिंत तापलेली असते, हात लावून बघा. घराच्या पूर्वेला किंवा मोठ्या झाडाच्या, लिंबाच्या झिरपत्या सावलीत जागा असंल तर सगळ्यात उत्तम.

काढताना झाडाभोवती गोल खणून गड्डा तसाच उचला. इथं अजून एक गोष्ट सापडंल बघा. आपल्याकडं गाडीवर येणारी बरीच शोभेची झाडं आंध्रात राजमहेंद्रीजवळ कडियमच्या नर्सऱ्यांतून येतात, आपल्याच गोदावरीच्या पार खालच्या अंगाला आहे ते गाव, तिथून ट्रक भरून सगळ्या देशात झाडं जातात. येताना मुळाभोवती लाल चिकट मातीचा घट्ट गोळा असतो. तो गोळा आहे तसा काळ्या मातीत ठेवला की उन्हाळ्यात काळी माती भेगाळून गोळ्यापासून सुटते, वरून घातलेलं पाणी भेगेतून खाली जातं अन गोळा आतून कोरडा ठणठणीत राहतो. वरून माती ओली दिसते, आपल्याला वाटतं पाणी तर घालायलोय. कडा जळण्याचं हेही एक कारण असू शकतं. पावसाळ्यात नेमकं उलटं, काळी पाणी धरून ठेवते अन मुळं सडतात. म्हणून काढल्यावर गोळा बादलीभर पाण्यात दहा मिनिटं बुडवून ठेवा, बाहेरची माती बोटानं हलकेच सुटी करा, मुळं बाहेरच्या अंगाला मोकळी झाली पाहिजेत, पण सगळा गोळा फोडून धुवून काढू नका.

कुंडीची माती अशी करा: दोन घमेले लाल किंवा पोयट्याची माती, एक घमेलं भिजवून धुतलेलं कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा), एक घमेलं चांगलं कुजलेलं शेणखत किंवा गांडूळखत, एक घमेलं जाड वाळू. मूठभर निंबोळी पेंड. लाल माती म्हणून मुरूम देतात कधीकधी, त्यात पांढरे खडे असतील तर घेऊ नका, ती चुनखडीच असते, व्हिनेगर टाकून बघा म्हणजे शंका राहणार नाही. कोकोपीट धुवायचं कारण त्यात मीठ असतं, दोनदा पाणी बदललं की झालं. कुंडी बारा इंचाची घ्या, खाली भोक पाहिजेच, अन भोकावर खापरीचा तुकडा. शोसाठी भोक नसलेल्या चिनी मातीच्या कुंड्या मिळतात त्यात थेट लावू नका, साधी कुंडी आत ठेवून बाहेरून ती दाखवा.

लोहाची तातडी म्हणून चिलेटेड फेरस, म्हणजे झाडाला घेता येईल असं रसायनात धरून ठेवलेलं लोह, मिळतं कृषी सेवा केंद्रात, अर्धा ग्रॅम लिटरला घेऊन संध्याकाळी पानांवर फवारा, पंधरा दिवसांनी परत एकदा. मातीत द्यायचं असंल तर दुकानदाराला स्पष्ट विचारा की लोह धरणारं रसायन ईडीडीएचए आहे का ईडीटीए, कारण जास्त सामूच्या मातीत ईडीटीएवालं टिकत नाही, ईडीडीएचए टिकतं, त्याचा रंग गडद लाल असतो अन किंमत जास्त असते पण चार कुंड्यांना चिमूट चिमूटच लागतं, पाकिटावरच्या प्रमाणात द्या. जुनी पिवळी पानं पूर्ण हिरवी नाही झाली तरी काळजी करू नका, नवीन येणारं पान कसं येतंय ते बघायचं.

आता पाणी. ताई, माती कितीही चांगली केली अन वरून वर्षभर बोअरचंच पाणी घातलं तर वर्ष-दीड वर्षात ती परत तशीच होते. तुमच्या गिझरच्या कॉइलवर, नळाच्या तोटीवर जो पांढरा थर बसतो तोच कुंडीच्या काठावर बसतो, बघा, बसला असंल. आत्याबाई म्हणतात ते मला पटतं, पाण्याची किंमत आपल्या भागाला कुणी शिकवायला नको, २०१६ च्या एप्रिलमध्ये मिरजेहून रेल्वेनं लातूरला पाणी आणावं लागलं होतं, ते आपण कुणीच विसरलेलो नाही. पण कुंडीतल्या क्रोटनला उन्हाळ्यातसुद्धा दिवसाआड एक-दीड लिटर लागतं, हिवाळ्यात आठ दिवसातून एकदा, अन तेवढं पाणी घरात वाया जाणाऱ्यातून निघतं. तांदूळ-डाळ धुतलेलं, भाजी धुतलेलं पाणी द्या, मीठ अन साबण नसला म्हणजे झालं. एसी असंल तर त्याच्या पाइपखाली बादली ठेवा, ते पाणी एकदम हलकं असतं, क्षार नसतात त्यात, क्रोटनसाठी याच्यासारखं पाणी नाही. पावसाळ्यात पत्र्याचं किंवा गच्चीचं पाणी दोन ड्रम भरून झाकून ठेवलं तर चार कुंड्यांना दिवाळीपर्यंत पुरतं.

दोन पाणी मात्र चुकूनही घालू नका. एक आरओ मशीनमधून बाहेर पडणारं, कारण प्यायच्या पाण्यातून काढलेले सगळे क्षार त्यातच असतात, अन दुसरं कूलरच्या टाकीच्या तळातलं. दिवसभर उडून उडून राहिलेलं ते पाणी बोअरपेक्षा कितीतरी खारं असतं. लोक पाणी वाया नको म्हणून हीच दोन पाणी झाडांना घालतात अन चांगल्या मनानं झाडं घालवतात. ते फरशी पुसायला, संडासात वापरा. बोअरशिवाय काहीच नसंल तर पाच लिटर पाण्यात पाव छोटा चमचा लिंबूसत्व, किराणा दुकानात मिळतं ते, विरघळवून द्या, त्यानं पाण्याचा सामू थोडा उतरतो. पाव चमच्याच्या वर जाऊ नका.

अन पाणी कधी द्यायचं हे कॅलेंडर बघून ठरवू नका. शेतात वापसा बघतात तसा कुंडीतही बघायचा, बोट दोन पेर मातीत घाला, ओल लागली तर आज नको, कोरडं लागलं तर भोकातून पाणी निघेपर्यंत घाला अन ताटलीत साचलेलं पाणी अर्ध्या तासात ओतून द्या. रोज वाटी वाटी घालणं सगळ्यात वाईट, वरची माती ओली राहते, खालची मुळं तहानलेली, अन क्षार वरच साठत जातात.

हॉलमधल्या दोघांकडं येतो. रंग गेला याचं कारण उजेड, दुसरं काही नाही. खत टाकून रंग येत नाही, नर्सरीवाले कलर येण्याचं औषध म्हणून काही बाटल्या विकतात त्यावर पैसे घालू नका. पानात हिरवं द्रव्य असतंच, लाल-जांभळी अन पिवळी-केशरी द्रव्यं वेगळी, उजेड भरपूर असला की लाल रंग तयार होतो अन दिसतो, उजेड कमी पडला की झाड आहे त्या उजेडात जगायला हिरवं द्रव्य वाढवतं अन बाकी रंग त्याच्याखाली झाकून जातात. आपल्या डोळ्याला हॉल उजेडाचा वाटतो पण खिडकीपासून सात-आठ फुटांवर सोफ्याच्या कोपऱ्यात झाडाला पुरेल एवढा उजेड नसतो. खिडकीच्या अगदी जवळ, दोन-तीन फुटांत ठेवा. पूर्वेची खिडकी असंल तर सोन्याहून पिवळं, सकाळचं तीन-चार तास कोवळं ऊन थेट पानावर येऊ द्या. पश्चिमेची असंल तर उन्हाळ्यात दुपारनंतर पांढरा पातळ पडदा ओढा, काचेतून येणाऱ्या उन्हानं पानावर भाजल्यासारखे डाग पडतात. उत्तरेच्या खिडकीत जगेल पण रंग येणार नाही, तिथं क्रोटनचा हट्ट धरू नका. फार वाटत असंल तर बारीक पानावर पिवळे ठिपके असणारा गोल्ड डस्ट घ्या, कमी उजेडात तो त्यातल्या त्यात बरा दिसतो कारण त्यात लालाची अपेक्षाच नसते.

अजून एक, नवीन पान हिरवं-पिवळं आलं म्हणून लगेच घाबरू नका. पेट्रामध्ये पान लहानपणी हिरवं-पिवळंच असतं, वय वाढेल तसा लाल चढतो. जुनी पानं फिकी पडत चालली असतील तरच उजेड कमी आहे असं समजा.

पानं गळण्याचं कारण मात्र दर रविवारची फिरवाफिरवी आहे, असं मला स्पष्ट सांगावं लागेल. क्रोटनला जागा बदललेली अजिबात खपत नाही. हॉलमधून अंगणात, अंगणातून परत हॉलमध्ये, उजेड बदलला, हवा बदलली, की ते पानं टाकतं, अन नवीन जागेच्या हिशेबानं पानं काढायला लागतं तोवर तुम्ही परत उचलता. नर्सरीतून घरी आणल्यावरही म्हणूनच महिनाभर पानं गळतात, तेव्हा काहीच करायचं नसतं, जागा ठरवून तिथंच ठेवायचं. एकदा खिडकीजवळची जागा ठरवली की वर्षभर तिथंच राहू द्या, फार तर आठवड्याला कुंडी जागच्या जागी पाव वळण फिरवा म्हणजे एकाच बाजूला झुकणार नाही. पावसाळ्यात बाहेर काढायचंच असंल तर आधी ओसरीत सावलीत आठवडाभर, मग जरा उजेडात, असं पंधरा दिवस सवय लावत न्या, अन एकदा नेलं की दसऱ्यापर्यंत बाहेरच ठेवा. रात्री गार पडायला लागायच्या आत घरात घ्या. बाहेर कुंडीत राहणाऱ्यांनाही डिसेंबरात भिंतीच्या आडोशाला सरकवा, पारा दहा-बाराच्या खाली गेला की हे झाड परत पानं टाकतं, त्या दिवसांत पाणी कमी करा अन खत बंद.

कूलर कुठं आहे ते बघा. कूलरच्या खोलीतली ओलसर हवा क्रोटनला चांगलीच, पण झोत थेट पानावर नको, एसीचाही नको, पंख्याखालीही नको. दमटपणासाठी सगळ्या कुंड्या एकमेकीजवळ ठेवा, खाली परातीत खडे अन पाणी ठेवून वर कुंडी, तळ पाण्यात बुडणार नाही अशी. पानावर बोअरचं पाणी फवारण्यात अर्थ नाही, दहा मिनिटांत वाळतं अन पांढरे डाग राहतात. आठवड्याला ओल्या मऊ फडक्यानं दोन्ही बाजूंनी पान पुसा, आपल्याकडं धूळ इतकी असते की पुसल्यावर अर्धा रंग तिथंच परत दिसतो. खोबरेल तेल, दूध लावून चमकवू नका, पानाची छिद्रं बुजतात अन वर धूळ चिकटते.

पुसताना पानाची मागची बाजू बघत जा. बारीक जाळं अन खाली वाळूच्या कणासारखे हलणारे ठिपके दिसले तर लाल कोळी आहे, कोरड्या उन्हाळ्यात हमखास येतो, पान धुळकट राखाडी दिसायला लागतं. झाड बाथरूममध्ये नेऊन पाण्याच्या जोरानं मागची बाजू धुवा, तीन-चार दिवसांनी परत, तेवढ्यानं बराच आटोक्यात येतो. (एवढ्यासाठी उचललेलं चालतं, लगेच जागेवर ठेवलं की झालं.) पानाच्या बेचक्यात कापसासारखं पांढरं दिसलं तर पिठ्या ढेकूण, काडीला कापूस गुंडाळून स्पिरिटमध्ये बुडवून टिपून काढा, मग पाच मिली निंबोळी तेल अन दोन-तीन थेंब भांड्याचं लिक्विड लिटरभर पाण्यात, ऊन उतरल्यावर फवारा. खोडावर मुंग्यांची रांग दिसली की समजा पिठ्या किंवा खवले कीड कुठंतरी आहे, मुंग्या त्या चिकट गोडापायी तिला जपतात. मुंग्यांचा बंदोबस्त केल्याशिवाय कीड जाणार नाही.

आता आत्याबाईंचा मुद्दा, त्यांचं बरोबर आहे. क्रोटन एरंडाच्या कुळातलं झाड, पान तोडलं की चीक निघतो, पान, साल, मूळ सगळंच पोटात जायला वाईट. लेकरानं पान चावलं तर तोंडात जळजळ, उलटी, जुलाब होऊ शकतात, चीक अंगाला लागला तर काहींना खाज येते, चट्टे उठतात, डोळ्यात गेला तर जास्तच त्रास. जमालगोटा म्हणतात ते झाड वेगळं, तो याच कुळातला पण खरा जहाल, त्याच्या शास्त्रीय नावातही क्रोटन आहे, त्या नावाच्या साम्यामुळं लोक दोन्ही एकच समजतात. तरी दीड वर्षाचं लेकरू असताना कुंडी जमिनीवर नकोच. खिडकीजवळ उंच, न हलणारा स्टँड किंवा भिंतीतला कट्टा असंल तिथं ठेवा जिथं त्याचा हात पोचणार नाही, खाली पडलेलं पान लगेच उचला, अन अशी जागा घरात नसंल तर लेकरू मोठं होईपर्यंत चारही क्रोटन अंगणात जाळीखाली ठेवा, हॉलचा विचार दोन-तीन वर्षांनी करा. यात मी कसलीच तडजोड सांगणार नाही. चुकून चावलंच तर तोंडातलं काढून पाण्यानं धुवा, ओकारी काढायला बोटं घालू नका, अन सोबत पान घेऊन डॉक्टरकडं जा. छाटणी करताना हातमोजे घाला, नंतर हात साबणानं धुवा. अन छाटलेल्या फांद्या शेळ्या-गाईच्या पुढं पडू देऊ नका.

छाटणी म्हणजे शेंडा खुडणं, ती पावसाळ्याच्या सुरुवातीला करा, मेमध्ये अन थंडीत नाही. एका काडीवर उंच गेलेलं झाड खोडावरच्या डोळ्याच्या (जिथून कोंब फुटतो त्या जागेच्या) जरा वर कापलं की खालून दोन-तीन फुटवे येतात अन झाड भरतं. कापलेला शेंडा फेकू नका, चार ते सहा इंचाचा तुकडा, वरची तीन-चार पानं ठेवून, चीक पाण्यात धुवून, वाळू अन कोकोपीट निम्मं निम्मं करून त्यात खोचा, सावलीत ठेवा, वरून पारदर्शक पिशवी घाला. सहा-आठ आठवड्यांत मुळं धरतात. जाड फांदी असंल तर गुटी कलम जास्त खात्रीचं, एक इंचभर सालीचं कडं काढायचं, ओलं मॉस (वाळवलेलं शेवाळ) बांधायचं, प्लास्टिकनं घट्ट गुंडाळायचं, पावसाळ्याच्या दमट हवेत महिना-दीड महिन्यात आतून पांढरी मुळं दिसतात, मग खालून कापून लावायचं. बियांपासून करायच्या भानगडीत पडू नका, रोप आईसारखं येत नाही.

खत जून ते सप्टेंबर, मग फेब्रुवारी-मार्चमध्ये, महिन्यातून एकदा १९:१९:१९ (नत्र, स्फुरद, पालाश सारखं असलेलं विरघळणारं खत) लिटरला दोन ग्रॅम, आधी साधं पाणी घालून मग हे. किंवा मूठभर गांडूळखत. दोन्ही मिळून नको. मधूनच पांढऱ्या-पिवळ्या बारीक फुलांचे तुरे लोंबतील, तो रोग नाही, क्रोटनची फुलंच तशी असतात, खुडून टाकले तरी चालतं म्हणजे जोर पानांत जातो.

अन काड्या झालेला जो आहे, नखाला हिरवं लागलं नाही अन दुसरा घ्यायचा ठरवलाच तर जुलैच्या मध्यात घ्या, पिशवीतून उचलून बघा, मुळं पिशवी फाडून गोल गोल फिरलेली असतील किंवा पानाच्या बेचक्यात पांढरं दिसलं तर नको. शक्यतो स्थानिक नर्सरीत वर्षभर राहिलेलं, आपला एक उन्हाळा काढलेलं रोप मागा, दोन पैसे जास्त गेले तरी चालतील.